वरचा पाणवठा

मी एकदा गोदावरी नाशिककडं वाहायला लावली होती. ही गोष्ट आमच्या घरात सगळ्यांना पाठ आहे. पाहुणे आले, जेवणं झाली, की कुणीतरी म्हणतंच, "बाबा, ते साहेबाच्या बुटाचं सांगा की." मग मी सांगतो. बुटांपर्यंत आलो की सगळे हसतात आणि मी तिथंच थांबतो. पुढं काय झालं हे कुणी विचारत नाही, मीही सांगत नाही. आज पुढचं लिहितो. लिहिताना समोर कुणी हसायला बसलेलं नसतं, एवढं एक बरं असतं.

बहात्तर साल. दुधना नदीच्या काठचं आमचं गाव, आणि गावच्याच शाळेत मी मास्तर. तिसरीला तेव्हा आपापल्या जिल्ह्याचा भूगोल असायचा. मला त्याची फार हौस होती. जग पाहिलेलं नसल्यामुळं परभणी जिल्ह्याबद्दल मी मोठ्या अधिकारानं बोलत असे. शाळेची तपासणी ठरली तेव्हा मनात आलं, आपण गोदावरीचं अख्खं खोरंच शाळेच्या व्हरांड्यात उभं करू. काळी माती, शेण आणि भुसा कालवून पश्चिमेला त्र्यंबकचा डोंगर चांगला गुडघ्याएवढा केला. उत्तरेकडून अजिंठ्याची रांग जिंतूरपर्यंत ओढत आणली, दक्षिणेला गंगाखेडच्या अंगानं बालाघाट बसवला. पूर्णा आणि दुधना यांच्यासाठी बोटानं चर पाडले. दुधना पूर्णेला मिळते, पूर्णा गोदावरीला, हे सगळं बरोबर जुळवलं. चरांत कपड्याची नीळ भरली. चारठाण्याच्या जुन्या देवळांसाठी धसकटाचे तुकडे उभे केले. काही म्हणता काही विसरलो नाही.

फक्त व्हरांड्याचा उतार पाहिला नाही. पावसाचं पाणी आत येऊ नये म्हणून गवंड्यानं तो बाहेरच्या बाजूला काढला होता, आणि ती बाजू होती पश्चिमेची. तपासणीचे साहेब पांढरे कॅनव्हासचे बूट घालून नेमके तिथं, त्र्यंबकच्या मागं उभे राहिले. मी तांब्या घेतला, "आता पाहा, साहेब," म्हणालो आणि उगमावर पाणी ओतलं. पाणी डोंगरावरून उतरलं, पैठणपर्यंत नीट गेलं. तिथं क्षणभर थांबून त्यानं जणू विचार केला आणि ते मागं फिरलं. डोंगराला वळसा घालून, निळंशार होऊन, साहेबांच्या बुटांत शिरलं. साहेब भले माणूस. खाली पाहत म्हणाले, "मास्तर, हा कुठला जिल्हा?"

खिडकीत गावातली माणसं जमली होती, ती पोट धरून हसली. पुढं कित्येक दिवस पारावरून जाताना कुणी ना कुणी विचारायचं, "मास्तर, आज कुणीकडं चालली गंगा?" मी त्याच संध्याकाळी फावडं घेऊन सगळे डोंगर आणि नद्या खरवडून काढल्या आणि माती शाळेमागच्या खड्ड्यात टाकली. घरी येऊन बायकोला सगळं सांगितलं. तिला हसू आलं नाही. तिनं एवढंच विचारलं, "तांब्या भरून पाणी सांडलं का वो?"

कारण पाऊस आदल्या वर्षीही धड नव्हता, आणि त्या वर्षी तर तोंड दाखवून गेला.

नद्यांच्या काठी माणसानं वस्ती केली, संस्कृती वाढली, असं मी पोरांना शिकवत असे. काठावर कोण कुठं वाढलं, हे त्या धड्यात नव्हतं. दुधना आमच्या गावाला पश्चिमेकडून येते. ती गावात शिरते तिथं मारुतीचं देऊळ आणि वरचा पाणवठा. तो गावाचा. त्याखाली धुणं धुण्याचे दगड. त्याखाली जनावरं पाण्यावर यायची. आणि त्याच्याही खाली, नदी गाव सोडून वळते तिथं, आमचा पाणवठा. आमच्यापर्यंत येईतो नदीनं अख्ख्या गावाची भांडी घासलेली असायची. इतिहासाच्या तासाला मी यादव सांगायचो, बहामनी सांगायचो, निजाम सांगायचो. या खोऱ्यात इतकी राज्यं आली आणि गेली, पोलीस ॲक्शन झाली, झेंडा बदलला. पाणवठे कुणी जागचे हलवले नाहीत. छप्पन्न साली आम्ही बौद्ध झालो. घरातले देव नदीत सोडले, मेलेली ढोरं ओढणं सोडलं. त्याच्या पुढच्या उन्हाळ्यात आमच्यातली काही तरणी माणसं घागरी घेऊन वरच्या पाणवठ्यावर गेली. घागरी फुटल्या, आणि डोकीही. त्यानंतर तो विषय आम्हीही काढला नाही, गावानंही नाही. सगळं आपापल्या जागी राहिलं, म्हणजे ते वर आणि आम्ही खाली.

दुधना बारमाही नव्हेच. संक्रांत सरली की तिची धार तुटायची, आणि मग वाळूत झिरे काढायचे. झिरा म्हणजे कोरड्या पात्रातला खड्डा. वाळू उपसत जायचं, तळाशी पाणी पाझरतं, ते वाटीनं घागरीत भरायचं. झिऱ्यांनाही तोच क्रम होता. गावाचा वर, आमचा खाली.

आमच्या वस्तीचा झिरा माझी आई काढायची. बाकीच्या बाया हात लावायच्याच, पण जागा ती ठरवायची आणि पहिली पाटी ती उपसायची. वाळूवरून अनवाणी हिंडायची, कुठंतरी उभी राहायची आणि म्हणायची, "इथं." दरवर्षी तिथंच, पाचदहा हात इकडंतिकडं. आमच्याकडं शेत नव्हतं. घर होतं ते गावठाणाच्या कडेला, आणि तेही कागदावर कुणाचं होतं देव जाणे. वडील आयुष्यभर दुसऱ्यांच्या हाकेला ओ देत गेले आणि एक दिवस ओ न देता गेले. आईनं स्वतः ठरवलेली, सगळ्यांनी मानलेली अशी गावात एकच गोष्ट होती, तो खड्डा. पाण्याला बसलेल्या बाया तिला विचारायच्या, आजी, आता भरू का. ती म्हणायची, थांब जरा, निवळू दे. मग सगळ्या थांबायच्या. मी शिकलेला, पगारी मास्तर, पण गावात माझ्या सांगण्यावरून असं कधी कुणी थांबलेलं आठवत नाही. माझी तर नदीसुद्धा थांबली नव्हती.

माझी परभणीला बदली होण्यासारखी होती. मी मागं लागलो होतो. तिथं नळ, तिथं दवाखाना, लेकरांना चांगली शाळा. बायको तयार होती. आई नव्हती. मी विषय काढला की एकच बोलायची, "झिरा आटला की येते."

मला वाटलं, मग फार दिवस लागायचे नाहीत. तिला मी भूगोल समजावून सांगितला. म्हटलं, आई, वाळूखालचं पाणीसुद्धा वरून खालीच येतं. गावाचा झिरा वर आहे. ते जितकं खोल उपसतील तितकं आपलं तुटेल. म्हणजे आधी आपला आटणार, मग त्यांचा. शास्त्र आहे. आई हातातला वाळूचा गोळा फोडत ऐकत होती. म्हणाली, "बरं. तवर घागर धर."

त्या उन्हाळ्यात वस्तीतले गडी आणि निम्म्या बाया दुष्काळी कामावर जायच्या. रस्त्याची खडी फोडायची, वर सुकडीचं गोड पीठ मिळायचं. घरोघर लाल मिलोच्या, म्हणजे रेशनवरच्या अमेरिकी ज्वारीच्या भाकरी, ज्या गरम असताना तुटायच्या आणि गार झाल्यावर तुटायच्या नाहीत. विहिरी तळाला गेल्या. गावातले लोक वरचा झिरा रोज खोल करायला लागले. वाळू ढासळायची, पुन्हा काढायचे. मग त्यांनी शेजारी दुसरा काढला, मग तिसरा. वरचं पात्र उंदरांनी पोखरलेल्या बांधासारखं दिसायला लागलं. पाणी आधी वाटीनं येत होतं, मग भिजल्या फडक्यानं टिपायची वेळ आली, मग नुसती ओली वाळू.

आमचा झिरा चालूच.

खाली जाता जाता बायांच्या पाट्या एका काळ्या खडकाला लागल्या होत्या. तो खडक आडवा, पात्राच्या एका काठापासून दुसऱ्या काठापर्यंत बांधासारखा वाळूखाली पडलेला होता, आणि वरून पाझरत आलेलं सगळं पाणी त्याला अडून उभं होतं. हे आधी कुणाला ठाऊक नव्हतं. आईलाही नव्हतं. उगाच तिला शहाणी ठरवायला नको. आमच्या आजेपणज्यांना गावानं ढकलत ढकलत जिथवर नेलं, तिथं योगायोगानं खाली खडक होता, इतकंच. माझं शास्त्र साफ उताणं पडलं. बायको म्हणाली, "तुमी सांगितलं का नदी नेमकी तसं करीत न्हाई." आई हसली. त्या उन्हाळ्यात ती हसल्याचं मला तेवढं एकदाच आठवतं.

मग गावातल्या बाया खाली आल्या. पहिल्या दिवशी लांब उभ्या राहिल्या, घागरी कमरेवर घेऊन, पदर तोंडावर ओढून. दोन पिढ्यांत हे कुणी पाहिलं नव्हतं. आमच्या बाया एकमेकींकडं बघायला लागल्या. आई उठली, म्हणाली, "या माय, भरून देते." तिनं वाटी पुढं केली, पण त्यांना भरून घ्यायचं नव्हतं. त्यातली एक वयस्क बाई अगदी मऊ आवाजात म्हणाली, तुमी जरा बाजूला सरा, आमचं आमी भरून घेतो. आई बाजूला सरली. तहानेला आडवं कसं येणार, असं संध्याकाळी ती मला म्हणाली. त्या भरून गेल्या. जाण्याआधी, नव्हे, भरण्याआधी, त्यांनी झिऱ्यात गोमूत्र शिंपडलं.

मग पाळ्या ठरल्या. सकाळी आधी गाव, मग आम्ही. मग आमच्या पाळीला तळाशी गढूळ तेवढं उरायला लागलं. मग गावातल्या गड्यांनी येऊन बाभळीच्या काट्यांचं कुंपण घातलं. जनावरं तोंड घालतात म्हणून, असं म्हणाले. कुंपणाला आत शिरायची एक वाट ठेवली होती. ती गावाच्या बाजूला होती.

मी सरपंचांकडं गेलो. ते माझ्याहून थोडे मोठे, शाळेत माझ्या दोन वर्षं पुढं होते. मी जमिनीवर आणि ते बाकावर, इतकाच फरक, कारण आम्हाला तेव्हा बाक नव्हता. जाताना मी वाटेत कायदा पाठ करत गेलो. अस्पृश्यता, घटना, शिक्षा, सगळं क्रमवार. त्यांनी बसायला सांगितलं, चहा मागवला. माझा चहा कान तुटलेल्या कपात आला. तो कप कोनाड्यात वेगळा असतो, हे मला लहानपणापासून माहीत होतं. चहा चांगला झाला होता. पाणी आमच्याच झिऱ्याचं.

मी म्हणालो, पाणवठे तुम्हीच ठरवलेले आहेत, आम्ही नव्हे. वरचा तुमचा, खालचा आमचा. आमचे बापजादे त्याला बांधून राहिले, आता तुम्हीही राहा. माझ्या मते हा बिनतोड मुद्दा होता. मी कायद्याचं बोललोच नाही, त्यांच्याच रिवाजाचं बोललो.

सरपंच शांतपणे म्हणाले, "मास्तर, वर-खाल वाहत्या पाण्याला असतंय. नदी वाहायली का? मग वाळूला काय वर आन काय खाली?"

भूगोलाच्या मास्तराला भूगोलात गप्प करणारा तो एकच माणूस.

मग त्यांनी तोडगाही काढला. पाणी तुटायला लागलं आहे, एका झिऱ्यावर गाव आणि वस्ती दोन्ही नकोत, असं म्हणाले. "तुमी आता वरल्या पाणवठ्यावर काढा. मारुतीपशी. कोन काय म्हणनार न्हाई, मी सांगतो गावाला. तुमच्या लोकायला पायजेच व्हता न्हवं वरला?"

त्यांच्या आवाजात टोमणा नव्हता. त्यांना खरंच वाटत होतं, की आपण काहीतरी देतो आहोत. मी कप विसळून कोनाड्यात ठेवला, तेही त्याच पाण्यानं, आणि घरी आलो.

त्या दिवशी कामावरून माणसं परतल्यावर वस्तीत बैठक झाली. तक्रार करू, तालुक्याला जाऊ, असं दोघंतिघं बोलले. मीही बोललो. मग एक म्हातारा गडी म्हणाला, खडीवरची हजेरी कोण घेतो? हजेरी सरपंचांचा पुतण्या घ्यायचा. बैठक तिथंच उठली. नदीचं पाणी गेलं तर दोन कोस चालून दुसऱ्या गावचं आणता येतं, हजेरी गेली तर मिलोही जातो. हिशेब सोपा होता, सगळ्यांना कळला. पुढं एकेक घर हलायला लागलं. कुणी कारखान्याच्या भागात, कुणी औरंगाबादकडं. नंतर त्यातली पुष्कळ माणसं दरवर्षी ऊस तोडायला जायला लागली. जाणं सुरू झालं ते त्या उन्हाळ्यात.

आई कुठं गेली नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी तिनं पाटी घेतली आणि वरच्या पाणवठ्यावर गेली. मी आणि बायको मागं. जन्मात तिनं त्या जागेवर पाय ठेवलेला नव्हता. छप्पन्न सालानंतर ज्या जागेसाठी डोकी फुटली ती जागा आता सगळी तिची होती. गावाचे ढासळलेले खड्डे, देवळाची सावली आणि ऊन. ती अनवाणी हिंडली. बराच वेळ. कुठंच थांबेना. मी म्हटलं, आई, चल. ती एका ठिकाणी उभी राहिली आणि नेहमीच्या आवाजात म्हणाली, "इथं."

तिघांनी उपसलं. कमरेएवढं, मग छातीएवढं. वाळू कोरडी, भाजलेल्या फुटाण्यांच्या कढईतल्यासारखी, हातातून सुर्रकन निसटणारी. ओल म्हणून नाही. खाली आमच्या झिऱ्यावर बायांची वर्दळ दिसत होती, काट्यांच्या आत घागरींचा आवाज येत होता. आईनं मान वर करून तिकडं पाहिलं, पुन्हा उपसायला लागली. बायकोनं तिच्या हातातली पाटी धरली. तिनं सोडवून घेतली. शेवटी खड्ड्याची एक बाजू तिच्या पायांवर ढासळली तेव्हा ती थांबली. गुडघ्यापर्यंत वाळूत, देवळाकडं पाठ करून.

मी तिला हात दिला. ती म्हणाली, "आटला न्हाई रे." मग वाळूतून पाय सोडवत, "पर चल."

माझी बदली झाली. मागितली होती तशी, परभणीलाच. बदलीचा आनंद कसा असतो हे मी इतर मास्तरांकडून ऐकलेलं आहे.

निघालो त्या दिवशी देवगाव फाट्यावर एसटीची वाट पाहत बसलो होतो. एक ट्रंक, दोन बोचकी, लेकरं. आईनं घागरही घेतली होती. परभणीला नळ आहे, घागर कशाला, असं मी म्हणालो, तेव्हा तिनं ती मांडीवर घेतली आणि दोन्ही हात तिच्या गळ्याभोवती ठेवले. ज्या बाजूनं आलो त्या बाजूला तोंड करून ती बसून राहिली. तिकडं काही दिसत नव्हतं. रस्ता, धुरळा, एक निष्पर्ण लिंब.

पुढं ती परभणीला राहिली ती राहिलीच. नळाला पाणी आलं की उठायची, पण भरायला कधी बसली नाही. बायको म्हणायची, आत्या, भरता का? ती म्हणायची, तूच भर. निवळू दे, असं तिनं कुणाला पुन्हा सांगितलं नाही. नळाचं पाणी निवळलेलंच असतं. दोन पावसाळे काढले तिनं. दुधनेला पूर आल्याचं मी एकदा तिला पेपरातून वाचून दाखवलं, तर तिनं कूस बदलली.

पण फाट्यावरचं सांगत होतो. एसटी येता येईना. मी आपलं काहीतरी बोलायचं म्हणून म्हणालो, की नव्या शाळेतही तिसरीच मिळाली तर बरं, भूगोल आपल्याला येतो. बायको लेकराच्या तोंडावरचा धुरळा पदरानं पुसत होती. माझ्याकडं न बघता तिनं विचारलं, "तुमची ती व्हरांड्यातली उलटी नदी खरवडून टाकली न्हवं?"

मी म्हटलं, टाकली की. तेव्हाच.

"ठेवायची व्हती," ती म्हणाली. "आता नवा मास्तर येईल, त्याला तीच शिकवा लागंल."